दिसगिळीच्या सावलीतल्या झोळ्या

श्रीगोंदा तालुक्यात कधी गेलात, आणि उसाच्या बांधावर बाभळींवर चढलेली, राखाडी-हिरव्या जाड पानांची, वारा असूनही एक पान न हलणारी वेल दिसली, तर तिच्या सावलीत पाय ठेवू नका. फोटो काढायचा असेल तर उन्हात उभे राहून काढा. ही सूचना सगळ्यात आधी, कारण प्रवासाच्या गमतीजमती वाचून कोणी तिकडे हुंदडायला जाऊ नये.

तिला तिथे दिसगिळी म्हणतात. ती पाण्यावर वाढत नाही, खतावर वाढत नाही. वेळ खाते. तिच्या सावलीत तुम्ही दोन मिनिटं बसलात असं तुम्हाला वाटतं, आणि उठता तेव्हा दिवस कललेला असतो. मधले तास तुम्ही झोपेत घालवलेले नसतात, जागेपणीही नाही. ते तुम्हाला मिळालेलेच नसतात. तेवढ्यात वेल मात्र हातभर पुढे सरकलेली असते.

कराडहून मी निघाले तेव्हा पिशवीत तीनशे पत्रकं होती. ‘दिसगिळी हटवा, दिवस वाचवा!’ मजकूर माझाच. आमच्या गटात आम्ही सहा जण, आणि वेल प्रत्यक्ष पाहिलेला एकही नाही. तरी पत्रक मात्र छान ठणकावून लिहिलेलं होतं.

सोमवार. बांधावर

गावाचं नाव मुद्दाम लिहीत नाही. श्रीगोंद्याहून वडाप जीपने अर्धा तास, मग उसातून पायवाट. माझ्या चपलेचा अंगठा पहिल्या फर्लांगातच तुटला आणि तोडलेल्या उसाच्या बुडख्यांवरून अनवाणी चालताना कळलं की शेतात निषेध नोंदवायला यायचं तर बूट घालून यावं.

शेतमालक साठीचे, गाव त्यांना आबा म्हणतं. मी भांडायच्या तयारीने गेले होते. त्यांनी आधी पायाला हळद लावायला दिली, मग चहा, मग म्हणाले, “चला, दाखवतो तुमाला. लांबून येऊन न बघताच शिव्या देऊ नका. बघून द्या.”

बांधावर बाभळींची उत्तर-दक्षिण ओळ, आणि त्या सगळ्या ओळीवर ती. खाली जमिनीवर चुन्याच्या दोन रेघा मारलेल्या. जवळची दुपारची, लांबची संध्याकाळची. सावली जिथवर पोचते तिथवर वेलीचं तोंड पोचतं. सूर्य बुडाला की सावली नाही, म्हणून वेलही निर्धोक. मग खुशाल खालून चालत जा.

“आता बघा,” आबा म्हणाले. त्यांनी वाफाळत्या चहाचा पेला एका फळीवर ठेवला आणि लांब बांबूने फळी सावलीत ढकलली. आम्ही उसातून फेरी मारली, विहीर पाहिली, गोठा पाहिला, त्यांच्या घरी जेवलो. बाजरीची भाकरी आणि हुलग्याचं शेंगोळं. आमच्याकडे हुलगा बैलाला घालतात आणि माणसांना ज्वारी. इथे त्याच हुलग्याच्या पिठाच्या बोटभर वळ्या करून लसणाच्या रश्श्यात शिजवतात. मी तीन वाट्या खाल्ल्या. परत येऊन आबांनी फळी ओढली. पेल्यातून वाफ निघत होती. मी बोट लावलं आणि चटका बसला.

“दुधाचे कॅन ठेवतो आमी हिच्याखाली,” ते म्हणाले. “उन्हाळ्यात धारेचं दूध संध्याकाळी दिलं तरी फाटत न्हाई. लाइट जाते, हिची सावली जात न्हाई. हिला हटवायची व्हय? तुमच्या पत्रकात लिवलंय, काटेरी पानं. काटा कुठंय?”

काटा नव्हता. मी म्हटलं, छपाईतली चूक आहे. थाप होती.

आणि मग ओळीच्या दुसऱ्या टोकाला मला दुधाचे कॅन दिसले. त्यांच्यापलीकडे बाभळींपासून लांबच्या रेघेबाहेरच्या खांबांपर्यंत ताणलेल्या तारा, आणि तारांना लोंबणारी जुन्या लुगड्यांची गाठोडी. सहा. मी विचारलं, भाकरीची फडकी का?

आबांनी नजर वळवली. “ते तोडणीवाल्यांचं हाय. त्यांचं त्यांना इचारा.”

त्या झोळ्या होत्या. दुधाच्या कॅनशेजारी पोरं टांगली होती.

मंगळवार. कोप्यांवर

ऊसतोडणीची टोळी पाथर्डीकडच्या कोरड्या डोंगरपट्ट्यातून आली होती. दिवाळी झाली की घराला कुलूप, आणि तोडणी संपेपर्यंत उसाच्या वाळल्या पाचटाच्या कोप्यांमध्ये, म्हणजे वाकून शिरायच्या झोपड्यांमध्ये, मुक्काम. नवरा-बायकोच्या जोडीला इथे ‘एक कोयता’ म्हणतात. दोन माणसांना मिळून एक हत्यार! याच्यावर मी वेगळं पत्रक लिहिणार आहे.

पहाटे मी त्यांच्यासोबत उसाच्या फडात गेले. दिवस उगवायच्या आत बायका वेलीखाली शिरल्या, झोपलेली पोरं झोळ्यांत ठेवली, तारेवरच्या कड्या तपासल्या आणि बाहेर आल्या. कडीला दोन दोऱ्या असतात. एक ओढली की झोळी आत जाते, दुसरी ओढली की बाहेर येते. दोन्ही दोऱ्यांची टोकं संध्याकाळच्या रेघेबाहेर खुंट्याला बांधलेली. मग ऊन आलं. बाभळींखाली सावली पडली आणि हलणाऱ्या झोळ्या हलता हलता थांबल्या. थांबल्या म्हणजे हळूहळू नव्हे. एक झोळी कललेलीच राहिली, दिवसभर.

मी आल्यापासून जिच्या कोपीत राहत होते ती कविता, विशीची. नवरा बाळू. पोराला सोन्या म्हणतात. सोन्या मागच्या हंगामाच्या तोंडावर जन्मला. म्हणजे त्याचे दोन हंगाम इथल्या तारेवर गेले.

“कविता, तुला कळतंय का ही वेल काय करते?” मी विचारलं. ती ऊस तोडत होती. बोलताना हात थांबत नव्हता.

“कळतंय की. रडत न्हाई. भूक लागत न्हाई. मुंगी चावत न्हाई.”

“त्याचा दिवस खाते ती!”

“ताई, गेल्या साली आमच्या टोळीतली एक पोर ट्रॅक्टरखाली येता येता वाचली. दुसरीला पाचटात इंचू चावला. खाऊ दे की दिवस. पोरगं तर राहतंय.”

मुकादम नामदेवभाऊ फडाच्या कडेला उभे होते. माझं पत्रक त्यांच्या हातात. ते मोठ्याने वाचू लागले. “‘मातांनो, जाग्या व्हा!’ अहो ताई, तीन वाजल्यापासून जाग्याच हायेत. अजून किती जागवता?”

सगळा फड हसला. कवितासुद्धा. माझे कान तापले.

बारा वाजता बायका जेवायला बसल्या. भाकरी, ठेचा, कांदा. जेवून त्या एकेक करून बांधाआड पाठ फिरवून बसल्या. मला वाटलं, विश्रांती. मी कविताजवळ गेले तर ती अंगातलं दूध पिळून मातीत सांडत होती. पोराला भूक लागत नाही, पण आईचं अंग ते ऐकत नाही. ते वेळेला भरतं. माती पांढरी झाली, मग ओली, मग काहीच नाही. शेजारी आणखी दोघी तेच करत होत्या, गप्पा मारत, जणू कपडे पिळताहेत.

मी त्या वेळी घोषणा दिली नाही. नोंद म्हणून सांगते. मी एरवी कुठेही देते.

दिवस मावळल्यावर सोन्याला कोपीत आणलं. अंधारात तो प्यायला, आईच्या कुशीत घुसला आणि झोपला. मी हिशेब लावत बसले. पहाटे झोपलेला आत जातो, अंधार पडल्यावर बाहेर येतो. म्हणजे दोन हंगाम या पोराने फक्त रात्री जगल्या आहेत. मधले गावाकडचे काही महिने सोडले तर ऊन त्याने पाहिलेलंच नाही, आणि ते तरी त्याला कुठलं आठवायला!

मी कविताला म्हटलं, “उद्या त्याला झोळीत घालू नकोस. मी सांभाळते.”

“तुमाला जमायचं न्हाई.”

“एक दिवस.”

ती बाळूकडे पाहत राहिली. बाळू म्हणाला, “बघू दे की तिला बी, पोरगं काय असतंय.” मग कविता माझ्याकडे वळली. “हातातून सोडायचा न्हाई. झोळीत न्हाई घालनार ना? मग मी दोरीकडं बघनार न्हाई. समजलं?”

समजलं, असं मी म्हणाले.

बुधवार. फडात

सूर्य वर आला आणि सोन्याने डोळे गच्च मिटले. मग उघडले. मग जे ओरडला ते दुपारपर्यंत. उन्हाला ओरडला, उसाच्या पात्यांना, बगळ्याला, माझ्या लाल ओढणीला. मी सावली शोधत हिंडले, पण त्या शिवारात झाडं म्हणजे वेलीचीच. डोक्यावर ओढणी धरून, त्याला खांद्यावर टाकून, अनवाणी पायाने मी बांधावर येरझाऱ्या घातल्या. गाणं म्हटलं. मला एकच येतं, मोर्च्याचं. त्यावर तो आणखी ओरडला.

बाराला कविता धावत आली. घामाने भिजलेली, तोंडाला पाचटाची काळी, टोचरी लव. तिने हात पुढे केले, हसली, म्हणाली, “ये, माझं सोनं.”

सोन्याने तिचं तोंड पाहिलं आणि माझ्या मानेला मिठी मारली. माझ्या! जिला तो सकाळपासून बोचकारत होता.

तिने त्याला ओढून घेतलं. तो मागे कमान करून किंचाळला. मग तिने पदर त्याच्या डोक्यावरून ओढून अंधार केला, आणि त्या अंधारात तो गप्प झाला, वास घेतला आणि प्यायला लागला. तिने पदर जरा सरकवला. तो परत ओरडला. तिने परत झाकलं.

तो पिईपर्यंत ती पदर धरून बसली. मग म्हणाली, “मला वळखना त्यो.”

“अंधारात ओळखतो,” मी म्हटलं. हे सांत्वन होतं की काय होतं, देव जाणे.

“मुकादम हाक मारतुया,” म्हणून ती उठली. तिच्या हातातून पोर घेताना पहिल्यांदा मला वाटलं की मी बरोबर होते. आणि पहिल्यांदाच बरोबर असल्याचा काही आनंद झाला नाही.

आता पुढचं लिहिते. हे माझ्या गटातल्या मंडळींनी छापू नको म्हणून सांगितलं होतं.

दुपारी तीनच्या सुमाराला माझे खांदे भरून आले. सोन्याचा आवाज बसला होता, पण तो थांबत नव्हता. त्याने ओकारी केली, माझ्या अंगावर. पाणी संपलं होतं. ट्रॅक्टरवरून जाता जाता मुकादम ओरडले, “ताई, पत्रक वाचून दाखवा की त्याला!” कविताची रिकामी झोळी दुपारच्या रेघेच्या बाहेर तारेवर लोंबत होती. मी त्याला आत ठेवलं. फक्त पाच मिनिटं, पाणी पिऊन येईपर्यंत. दोरी ओढली. झोळी सरकत सावलीत गेली आणि आवाज कापल्यासारखा बंद झाला.

मला फार बरं वाटलं. ही लाज मी लपवत नाही. इतकं बरं वाटलं की मी पाण्याला गेलेच नाही. तिथेच बांधाच्या उतारावर टेकले. दुपारच्या रेघेच्या बाहेर, उन्हात. संध्याकाळची रेघ माझ्या मागे दहा पावलांवर होती. ती मला दाखवलेली होती. आबांनी एकदा, कविताने दोनदा. मी पाय पसरले, डोळ्यांवर हात ठेवला.

हात काढला.

धूर. माझ्या डाव्या हाताला आग, पुरुषभर उंच, कडाकडा वाजत येणारी. कोणीतरी माझ्या पिशवीच्या पट्ट्याला आकडा अडकवून मला ढेकळांवरून ओढत होतं, आणि कविताचा चेहरा माझ्या चेहऱ्यावर ओणवा होता, आणि ती काय म्हणत होती ते कळायच्या आत तिने माझ्या मुस्काटात मारली.

हात ठेवणं आणि हात काढणं, यांच्यामध्ये जे घडलं ते मी पाहिलं नाही. बाळूने नंतर सांगितलं ते असं. बांधाला लागूनचा तोडलेला फड आबांच्या गड्याने पेटवायला घेतला. पाचट जाळायच्या आधी मुकादम नेहमी हाळी देतात, “झोळ्या ओढा!” ती त्यांनी दिली. पाच बायकांनी आपापल्या दोऱ्या ओढल्या, पाच पोरं बाहेर आली. सहावी झोळी सगळ्यांनी रिकामी धरली. कविता ट्रॉलीवर मोळी चढवत होती. तिने हाळी ऐकली आणि हलली नाही. तिचं पोर झोळीत नव्हतं. तिचं पोर ताईच्या हातात होतं. ताई कोपीवर गेली असेल.

आग लागली, वारा फिरला. धुरातून एका बाईला सहावी झोळी भरलेली दिसली.

कविता मोळी टाकून पळाली. दोरी ओढली तर कडी अडकली. वेलीने दोन तासांत तारेवर कोंब टाकले होते. सावलीत शिरली असती तर तीही तिथेच उभी राहिली असती, आग येईपर्यंत. तिने दोरी कमरेला गुंडाळली आणि बैलासारखी मागे रेटत गेली. तिसऱ्या हिसक्याला कोंब तुटले. झोळी तिच्या छातीवर आदळली. आत सोन्या, तीन वाजताच्या रडण्याच्या मधोमध. बाहेर येताच त्याने ते रडणं तिथूनच पुढे चालू केलं.

मग त्यांना माझे पाय दिसले. दोन्ही रेघांच्या मध्ये, उतारावर, आरामात पसरलेले. बाळूने आकडा लावलेला बांबू आणला.

“मी दोरीकडं बघनार न्हाई म्हनलं हुतं,” कविता म्हणत होती. परत परत तेच. “म्हनलं हुतं ना तुमाला? तुमच्या हातात दिला हुता!”

“पाचच मिनिटं,” असं माझ्या तोंडून निघालं.

बाकीच्या पाच बायका पोरं काखेला मारून उभ्या होत्या. त्यातली एक हळूच म्हणाली, “आमी बी पयल्यांदा पाचच मिन्टं ठिवलं हुतं, ताई.” कोणी हसलं नाही.

आग बांधापाशी येऊन विझली. वेलीची खालची पानं करपली. वरची तशीच होती, न हलणारी.

गुरुवार. निघताना

सकाळी बांधावर पाच झोळ्या टांगल्या गेल्या. कविता कोयता घेऊन आलीच नाही. मुकादम कोपीवर आले.

“कविता, अर्धा कोयता कुठं चालतो का? बाळू एकटा काय तोडनार?”

“तोडंल तेवढं तोडंल.”

“आन् उद्या?”

“उद्या न्हाई, परवा न्हाई. पोरगं मला वळखंस्तवर न्हाई.”

“अगं, फड दुसऱ्या टोळीला जाईल. सगळ्यांच्या पोटावर पाय येईल.”

“मग सगळ्यांनी मला येऊन सांगावं,” ती म्हणाली. आवाज चढवला नाही. “पोराला घेऊन यावं, दिवसाउजेडी. आन् ज्याचं पोर आईकडं जाईल, त्यानं मला बोलावं.”

मुकादम माझ्याकडे रागाने पाहायला लागले. यात माझा काही हात नाही, असं मला सांगायचं होतं. पहिल्यांदाच ते खरं होतं. ते पाय आपटत गेले. पण फडाकडे जाताना वाटेत थांबून तारांकडे पाहत राहिले, हेही मी पाहिलं.

कविता कोपीसमोर उन्हात बसली. सोन्याला पोत्यावर समोर ठेवलं, हातभर अंतरावर. तो ओरडला, तिने उचललं नाही. पदराने झाकलं नाही. तोंड धुऊन, केस मागे बांधून ती फक्त त्याच्यासमोर बसून राहिली. भूक लागली की पाजायची, उघड्यावर, चेहरा दिसेल असं. तो तोंड फिरवायचा, ती वाट पाहायची. दुपारी मी तिला भाकरी करून दिली. कडेला फुटलेली. तिने खाल्ली, नजर त्याच्यावरच.

मी पत्रकांचं काय केलं असं विचाराल, तर ती परत आणली. ‘मुळाशी तोडा आणि मोकळे व्हा’ हे त्यातलं शेवटचं वाक्य. वेल तोडायला पाहिजे, माझं मत बदललेलं नाही. पण ती तुटल्यावर सहा पोरं दिवसभर कोणाच्या हातात असतील, हे त्या पत्रकात एका ओळीतही नाही. ते आधी लिहायला हवं. लिहायला बसले की मला माझ्याच हातांची भीती वाटते.

चार वाजता सोन्या थांबला. थकून असेल. हुंदके देत देत तो तिच्याकडे पाहायला लागला. कपाळाकडे, मग नाकातल्या चमकीकडे. कविताच्या गालावर माशी बसली, तिने हाकलली नाही. श्वाससुद्धा घेत होती की नाही कोण जाणे.

माझी जीप यायची वेळ झाली होती. पिशवी आतून घ्यायची, तर त्या दोघांच्या मधून जाणं जवळचं होतं. मी एक पाऊल टाकलं.

“ताई,” ती मान न वळवता, ओठ न हलवल्यासारखं म्हणाली, “मागनं जावा. मधी येऊ नका.”